नवजात बालकाच्या रक्तक्षयाचे कोडिंग: नव्या कोडरसाठी टप्प्याटप्प्याने मार्गदर्शन

नवजात बालकाच्या चार्टवर मी लावलेला रक्तक्षयाचा पहिला कोड डी६४.९ होता आणि तो ऑडिटच्या पहिल्याच फेरीत परत आला. मोठ्या माणसाच्या चार्टवर नुसते ‘ॲनिमिया’ लिहिलेले असले की हाच कोड लावायचा, एवढे मला पाठ होते. बाळ सहा दिवसांचे आहे ही गोष्ट माझ्या डोळ्यांसमोर असूनही मी तिचा विचार केला नव्हता. ऑडिटरने शेऱ्यात एकच वाक्य लिहिले होते: ‘रुग्णाचे वय पाहा, मग प्रकरण निवडा.’

पुढे नवजात अतिदक्षता विभागाचे म्हणजे एनआयसीयूचे चार्ट रोज हाताळताना लक्षात आले की या विषयात कोडची संख्या थोडी असली, तरी गफलत होण्याच्या जागा बऱ्याच आहेत. पुढील विवेचन आजारांना कोड देणाऱ्या आयसीडी-१० वर्गीकरणाच्या, अमेरिकेत वापरल्या जाणाऱ्या आयसीडी-१०-सीएम या आवृत्तीस धरून आहे. तेथे ही आवृत्ती १ ऑक्टोबर २०१५ पासून लागू आहे. जागतिक आरोग्य संघटनेच्या मूळ आयसीडी-१० मध्येही नवजाताच्या रक्तविकारांचा पी६१ हा गट जवळपास असाच आहे. मात्र जन्मवजन आणि गर्भवय यांचे इतके बारीक पोटविभाग तेथे नाहीत.

१. काम सुरू करण्यापूर्वी काय जवळ हवे

चालू वर्षाची टॅब्युलर लिस्ट (कोडच्या क्रमाने यादी), अल्फाबेटिक इंडेक्स (आजारांच्या नावांची वर्णानुक्रमे सूची) आणि अधिकृत कोडिंग मार्गदर्शक तत्त्वे ही तिन्ही हाताशी असू द्या. कोडसंच दरवर्षी १ ऑक्टोबरला बदलतो, आणि कोणत्या वर्षाचा संच वापरायचा हे रुग्ण ज्या दिवशी घरी गेला त्या तारखेवरून ठरते. मार्गदर्शक तत्त्वांतील सोळाव्या (नवजातांच्या आजारांच्या) प्रकरणाचा भाग जेमतेम काही पानांचा आहे. तो एकदा सावकाश वाचल्यास पुढचे अनेक प्रश्न मुळातच पडत नाहीत. कोड शोधून देणारे एन्कोडर सॉफ्टवेअर असले तरी टॅब्युलर लिस्टमधील टिपा स्वतः वाचण्याचा कंटाळा करू नका.

बाळाच्या चार्टमधून पुढील कागद काढून ठेवा: जन्माच्या वेळची तपासणी, एनआयसीयूमधील रोजच्या नोंदी, डिस्चार्ज समरी, प्रयोगशाळेचे सर्व अहवाल तारखेच्या क्रमाने, रक्तपेढीची नोंद आणि रक्त दिले असल्यास ते दिल्याची परिचारिकेची नोंद. आईच्या प्रसूतीची नोंद संदर्भासाठी उपयोगी पडते, पण तिच्यात दिसले म्हणून एखादे निदान परस्पर बाळाच्या चार्टवर आणता येत नाही. बाळाच्या डॉक्टरांनी ते बाळाच्या नोंदीत लिहिलेले असले पाहिजे.

२. चार्ट कोणाचा आहे, याची खात्री करा

ही सूचना बालिश वाटेल, पण बाळाला अजून नाव नसते. चार्टवर आईचे आडनाव आणि ‘बेबी बॉय’ किंवा ‘बेबी गर्ल’ एवढेच असते. आई आणि बाळ यांचे चार्ट शेजारशेजारच्या टॅबमध्ये उघडे असतील, तर बाळाचा कोड आईच्या खात्यावर पडायला क्षणही लागत नाही. सोळाव्या प्रकरणातील पी अक्षराने सुरू होणारे कोड आईच्या नोंदीवर कधीही लावायचे नसतात, आणि पंधराव्या (गर्भारपण व प्रसूतीच्या) प्रकरणातील ओ अक्षराचे कोड बाळाच्या नोंदीवर लावायचे नसतात. या नियमाला अपवाद नाही.

जुळ्यांच्या बाबतीत अधिक सावध राहा. समान वार असलेल्या जुळ्यांमध्ये एकाचे रक्त दुसऱ्याकडे जाते, तेव्हा रक्त गमावणारे बाळ फिकट आणि रक्तक्षयाचे असते, तर रक्त मिळालेल्या बाळात लाल पेशी जास्त होतात. त्या स्थितीचा, म्हणजे पॉलिसायथेमियाचा, कोड पी६१.१ आहे. ‘ए’ आणि ‘बी’ यांची अदलाबदल झाली, तर दोन्ही चार्ट एकाच वेळी चुकतात आणि दोन्ही वरकरणी अगदी पटण्याजोगे दिसतात. जुळ्यांचे चार्ट मी एका बैठकीत, पण एकामागून एक असेच पूर्ण करते. दोन्ही एकदम उघडत नाही.

३. जन्माचा कोड लागू आहे का ते पाहा

बाळ त्याच रुग्णालयात जन्मले असेल, तर झेड३८ या गटातील कोड सर्वांत आधी येतो. एकच बाळ रुग्णालयात योनिमार्गे जन्मल्यास झेड३८.०० आणि सिझेरियनने जन्मल्यास झेड३८.०१ लावावा. हा कोड जन्माच्या नोंदीवर एकदाच लागतो. बाळ दुसऱ्या रुग्णालयात हलवले, तर तेथील कोडरने झेड३८ लावायचा नसतो. तेथे ज्या आजारासाठी बाळ दाखल झाले तो आजार पहिला येतो. हलवून आलेल्या बाळांच्या चार्टवर मला सर्वाधिक आढळलेली चूक हीच आहे, कारण सोबत आलेल्या कागदांवर जन्माची सगळी माहिती ठळकपणे असते आणि हात आपोआप झेड३८ कडे वळतो.

४. रक्तक्षयाचे कारण शोधा आणि कारणानुसार कोड निवडा

या कामात खरा वेळ येथे जातो, आणि तो जायलाच हवा. नवजात बालकात ‘रक्तक्षय’ हा शब्द अर्धेच निदान सांगतो. उरलेले अर्धे त्याचे कारण असते आणि कोड त्या कारणावर ठरतो. अल्फाबेटिक इंडेक्समध्ये ‘ॲनिमिया’ या शब्दाखाली ‘नवजात’ ही उपनोंद शोधा. तिच्याखाली आरएच व एबीओ या रक्तगटांची विसंगती आणि गर्भावस्थेतील रक्तस्राव अशा फांद्या आहेत. अकालपणाची नोंद ‘ॲनिमिया’ याच शब्दाखाली स्वतंत्रपणे सापडते.

अकाली जन्मामुळे आलेला रक्तक्षय पी६१.२ मध्ये जातो. अकाली बाळात लाल पेशी तयार करण्याचा संकेत देणारे एरिथ्रोपोएटिन कमी पडते आणि लाल पेशींचे आयुष्यही कमी असते. एरवी गर्भारपणाच्या शेवटच्या तिमाहीत मिळणारा लोहाचा साठा त्याला पुरता मिळालेला नसतो. त्यात तपासण्यांसाठी रक्त काढले जाते. अकाली बाळात एकूण रक्त किलोमागे साधारण ९० ते १०० मिलिलिटर असते. म्हणजे एक किलोच्या बाळाच्या अंगात जेमतेम अर्धा कप रक्त आहे, आणि त्यातून रोज दोन-तीन मिलिलिटर तपासणीला जात आहे, असे चित्र डोळ्यांसमोर आणा. डॉक्टर ‘अकालपणा आणि वारंवार रक्त काढणे यांमुळे रक्तक्षय’ असे का लिहितात, हे मग वेगळे समजावून सांगावे लागत नाही. त्या वाक्यात अकालपणा स्पष्ट लिहिलेला असल्याने पी६१.२ ला आधार मिळतो. नुसते ‘रक्त काढल्यामुळे’ एवढेच लिहिले असेल, तर मात्र डॉक्टरांना विचारा.

जन्मापूर्वी गर्भाचे रक्त गेल्यामुळे आलेला रक्तक्षय पी६१.३ मध्ये जातो. येथे एक सापळा आहे. पी५० हा गट गर्भाच्या रक्तस्रावाचा आहे आणि त्यात कारणांचे सुरेख तपशील आहेत: व्हासा प्रीव्हिया (गर्भाच्या रक्तवाहिन्या गर्भाशयमुखासमोर येणे), फाटलेली नाळ, वार, जुळ्या भावंडाकडे झालेला रक्तस्राव, आईच्या रक्ताभिसरणात झालेला रक्तस्राव. ही यादी पाहून नवा कोडर खूश होतो आणि पी५०.४ व पी६१.३ हे दोन्ही कोड लावतो. पण पी५० खाली एक्सक्लुड्स१ ही टीप आहे आणि तिच्यात पी६१.३ चा उल्लेख आहे, म्हणजे एकाच घटनेसाठी हे दोन कोड एकत्र लावता येत नाहीत. रक्तस्रावामुळे बाळात रक्तक्षय झाल्याचे डॉक्टरांनी लिहिले असेल, तर पी६१.३ लावा. रक्तस्राव झाला, पण रक्तक्षयाचे निदान केलेले नाही, अशा चार्टवर पी५० मधील योग्य कोड लावा. आईची क्लाइहाउअर-बेटके चाचणी होकारार्थी आली, एवढ्यावर यांपैकी काहीही लावू नका. ती चाचणी आईच्या रक्तात गर्भाच्या पेशी आल्या आहेत का हे दाखवते, बाळाचे निदान करत नाही.

जन्मानंतर झालेला रक्तस्राव ही याहूनही अवघड जागा आहे. व्हॅक्यूम लावून झालेल्या प्रसूतीनंतर डोक्याच्या त्वचेखाली मोठा रक्तस्राव झाला, त्याचा कोड पी१२.२ आहे, आणि त्यानंतर हिमोग्लोबिन घसरले, असा चार्ट घ्या. इंडेक्समध्ये नवजाताचा रक्तस्रावोत्तर रक्तक्षय शोधला, तर तो पी६१.३ दाखवतो, टॅब्युलर लिस्टमध्ये मात्र त्या कोडचे शीर्षक गर्भाच्या रक्तस्रावाबद्दल बोलते. दुसरीकडे, तीव्र रक्तस्रावोत्तर रक्तक्षयाचा डी६२ हा कोड उघडला, तर त्याखालील एक्सक्लुड्स१ टीप पी६१.३ ला बाहेर ठेवते. येथे इंडेक्सवरच थांबू नका. रक्त केव्हा गेले, प्रसूतीपूर्वी, प्रसूतीदरम्यान की नंतर, हे डॉक्टरांकडून लेखी घ्या आणि मगच कोड ठरवा. असा चार्ट मी आजही एकटीने बंद करत नाही, वरिष्ठांना दाखवते.

माता आणि बाळ यांच्या रक्तगटांतील विसंगतीमुळे पेशी फुटत असतील, तर आरएचसाठी पी५५.० आणि एबीओसाठी पी५५.१ आहे. या आजारातून सर्वांगाला सूज आली असेल, तर पी५६.० कडे पाहावे लागते. कूम्ब्स चाचणी (लाल पेशींवर प्रतिपिंडे चिकटली आहेत का हे पाहणारी) होकारार्थी असणे ही प्रयोगशाळेची नोंद आहे. आई ओ आणि बाळ ए गटाचे आहे, कूम्ब्स होकारार्थी आहे, पण डॉक्टरांनी निदान म्हणून काहीच लिहिलेले नाही, अशा चार्टवर पी५५.१ लावणे म्हणजे डॉक्टरांचे काम आपल्याकडे घेणे होय.

आनुवंशिक रक्तविकार बाळात आढळले, तरी ते सोळाव्या प्रकरणात येत नाहीत. आनुवंशिक स्फेरोसायटोसिस (लाल पेशी गोलाकार होण्याचा विकार) डी५८.० मध्येच राहतो आणि जी६पीडी या लाल पेशींतील विकराच्या कमतरतेमुळे झालेला रक्तक्षय डी५५.० मध्ये. जी६पीडी कमतरता आहे पण रक्तक्षय नाही, यासाठी १ ऑक्टोबर २०१९ पासून डी७५.ए हा स्वतंत्र कोड आहे. जुन्या याद्या छापून भिंतीवर लावणाऱ्यांकडून तो हमखास निसटतो.

शेवटी उरतो पी६१.४, म्हणजे अन्यत्र वर्गीकरण न झालेले इतर जन्मजात रक्तक्षय. डॉक्टरांनी नवजाताच्या चार्टवर नुसते ‘ॲनिमिया’ लिहिले, तर इंडेक्स तुम्हाला येथे आणून सोडतो. कोड बरोबर असतो, पण माझ्या अनुभवात असे बहुतेक चार्ट नीट वाचले, तर कारण नोंदींमध्ये कोठेतरी दडलेले असते, फक्त ते निदानाला जोडलेले नसते. म्हणून पी६१.४ लावण्यापूर्वी एकदा मागे जाऊन पाहा.

५. आकड्यावरून निदान करू नका

पूर्ण दिवसांच्या बाळाचे हिमोग्लोबिन जन्माच्या वेळी साधारण १४ ते २० ग्रॅम प्रति डेसिलिटर असते आणि नंतर ते उतरू लागते. बाळ स्वतः श्वास घेऊ लागल्यावर रक्तातील प्राणवायू वाढतो, त्यामुळे एरिथ्रोपोएटिन घटते आणि नव्या पेशी काही काळ कमी तयार होतात. आठ ते बारा आठवड्यांच्या सुमारास हा आकडा तळाला जातो आणि मग आपोआप वर येतो. हा आजार नव्हे. अकाली बाळात ही घसरण लवकर आणि अधिक खोल होते. ती आजार ठरते की नाही, हे डॉक्टर ठरवतात.

त्यामुळे प्रयोगशाळेच्या अहवालात आकड्याशेजारी खालची खूण दिसली म्हणून कोड लावायचा नसतो. डॉक्टरांनी त्या निष्कर्षाला महत्त्व दिल्याचे नोंदीत दिसले पाहिजे. नवजाताच्या बाबतीत एखादी स्थिती कोड करण्यायोग्य कधी ठरते, याचे निकष असे: तिचे वैद्यकीय मूल्यमापन झाले, उपचार झाले, निदानासाठी तपासण्या झाल्या, रुग्णालयातील मुक्काम वाढला किंवा परिचर्या व देखरेख वाढली. यांखेरीज मोठ्यांना लागू नसलेला एक निकष नवजातांसाठी आहे: ती स्थिती पुढील काळातील आरोग्यसेवेच्या दृष्टीने महत्त्वाची असल्याचे डॉक्टरांनी नमूद केले असणे. ‘किंचित रक्तक्षय, घरी गेल्यावर दोन आठवड्यांनी हिमोग्लोबिन पाहावे’ ही ओळ या शेवटच्या निकषात बसते. तिला क्षुल्लक समजून सोडू नका.

६. जन्मवजन आणि गर्भवय जोडा

पी६१.२ लावला आणि अकालपणाचा कोडच नाही, असा चार्ट अर्धवट दिसतो आणि ऑडिटमध्ये त्यावर बोट ठेवले जाते. मात्र डॉक्टरांनी अकाली जन्म नोंदवलेला असल्याशिवाय आठवडे मोजून आपण तो कोड लावू शकत नाही. वजन आणि गर्भवय दोन्ही उपलब्ध असल्यास दोन्ही कोड लावावेत आणि वजनाचा कोड आधी ठेवावा.

एक चार्ट उलगडून पाहू. बाळ सिझेरियनने याच रुग्णालयात जन्मले, गर्भवय पूर्ण ३० आठवडे, जन्मवजन १२४० ग्रॅम. सुरुवातीला श्वसनत्रासाचा विकार होता. २६व्या दिवशी हिमोग्लोबिन ७.९ वर आले, बाळ फिकट दिसू लागले, हृदयाचे ठोके वाढले, आणि डॉक्टरांनी ‘अकालपणाचा रक्तक्षय’ असे लिहून परिघीय शिरेतून लाल पेशी दिल्या. क्रम असा लागेल: झेड३८.०१, मग श्वसनत्रासासाठी पी२२.०, अकालपणाच्या रक्तक्षयासाठी पी६१.२, वजनासाठी पी०७.१४ आणि गर्भवयासाठी पी०७.३३. संस्थेच्या धोरणानुसार रक्त देण्याची प्रक्रिया नोंदवायची असल्यास आयसीडी-१०-पीसीएस या प्रक्रियांच्या कोडसंचातील ३०२३३एन१.

आता अशा चार्टवर होऊ शकणाऱ्या चुका पाहा. पी०७.१४ हा १००० ते १२४९ ग्रॅमचा कोड आहे, म्हणजे बाळ आणखी दहा ग्रॅमनी जड असते तर कोड पी०७.१५ झाला असता. आणि २६व्या दिवशीच्या नोंदीत वरच्या कोपऱ्यात त्या दिवशीचे वजन मोठ्या अक्षरात असते. घाईत असलेला कोडर तेच उचलतो. वजन जन्माचेच हवे. गर्भवयही जन्माच्या वेळचेच घ्यावे. एनआयसीयूच्या नोंदीत रोज पुढे सरकणारे ‘सुधारित वय’ घेऊ नये.

७. शंका असल्यास क्वेरी पाठवा, पण उत्तर सुचवू नका

क्वेरी म्हणजे डॉक्टरांना नोंद स्पष्ट करण्यासाठी पाठवलेला लेखी प्रश्न. ‘हा अकालपणाचा रक्तक्षय आहे ना, तसे लिहाल का?’ असा प्रश्न चालत नाही, आणि कोणत्या उत्तराने मोबदला किती होईल याचा उल्लेख तर मुळीच करू नये. आधी चार्टमधील वस्तुस्थिती तारखेसह मांडा, मग पर्याय द्या. मी वापरत असलेला साचा साधारण असा आहे:

‘नवव्या दिवशी हिमोग्लोबिन १२.४, एकविसाव्या दिवशी ८.१. रेटिक्युलोसाइट तपासणी केली. बाविसाव्या दिवशी लाल पेशी दिल्या. या उपचाराशी संबंधित निदान नोंदीत आढळले नाही. आपल्या वैद्यकीय मतानुसार कृपया ते नोंदवावे: अकालपणाचा रक्तक्षय, रक्तस्रावामुळे झालेला रक्तक्षय (रक्तस्राव केव्हा व कोठे झाला ते लिहावे), पेशी फुटल्यामुळे झालेला रक्तक्षय, अन्य निदान, निश्चित सांगता येत नाही.’

शेवटचे दोन पर्याय वगळू नका. ते नसले की प्रश्न सुचवणारा ठरतो. ‘संभाव्य’ किंवा ‘शंका’ असे शब्द असलेले निदान आंतररुग्णाच्या अंतिम नोंदीत टिकून असेल, तर ते असल्याप्रमाणेच कोड करता येते. बाह्यरुग्णाच्या भेटीत मात्र ते चालत नाही.

८. दाखल होताना स्थिती होती का, याची खूण

बाळ जन्मल्यानंतरच दाखल झाले असे मानले जाते. म्हणून गर्भात किंवा प्रसूतीदरम्यान झालेल्या स्थितीला ‘होय’ अशी खूण मिळते. पी६१.३ बहुधा येथे बसतो. आठवड्यांनंतर उद्भवलेल्या रक्तक्षयाला सरसकट ‘होय’ लावू नका. नोंदीवरून काळ कळत नसल्यास तोही क्वेरीचा विषय आहे.

९. बाळ घरी गेल्यानंतरच्या भेटी

मार्गदर्शक तत्त्वांनुसार जन्मपूर्व काळापासून जन्मानंतरच्या २८व्या दिवसापर्यंतचा काळ हा या प्रकरणाचा काळ आहे. यावरून २९व्या दिवशी पी कोड बंद होतात असा समज पसरला आहे, आणि तो चुकीचा आहे. ती स्थिती त्या काळात सुरू झाली असेल आणि अजून टिकून असेल, तर वय काहीही असले तरी पी कोड लावता येतो. तीन महिन्यांच्या बाळाच्या भेटीत डॉक्टरांनी अकालपणाचा रक्तक्षय अजून चालू असल्याचे आणि त्यासाठी लोहाचे थेंब सुरू असल्याचे लिहिले, तर पी६१.२ योग्यच आहे. तेच बाळ दहाव्या महिन्यात आले आणि आहारातून लोह कमी मिळाल्याने रक्तक्षय झाल्याचे लिहिले, तर ती नवी स्थिती आहे आणि तिचा कोड डी५० या गटात शोधावा.